तिसाव्या नंबरची शाळा

घनश्याम तितिरमारे गुरुजींनी आयुष्यात सगळ्यांची लग्नं जुळवली, एक स्वतःचं सोडून. आंधळगावच्या पलीकडे, तलावाच्या पारीखाली, म्हणजे बांधाखाली, त्यांचं गाव आणि गावातल्याच जिल्हा परिषदेच्या शाळेत ते मास्तर. कोणाचा भाचा नोकरीला लागला, कोणाच्या पोरीची निवड झाली, याची खबर त्यांना त्या घरच्या लोकांआधी असायची. मास्तराला मास्तरीण, ग्रामसेवकाला नर्सबाई, अशा जोड्या लावण्यात त्यांचा हात धरणारा मोहाडी तालुक्यात दुसरा नव्हता. शेजारच्या सत्यभामाबाई तोंडावर म्हणायच्या, "स्वतःच्या मांडवाचा पत्ता नाही, न दुसऱ्याच्या मांडवात मिरवून राहिले गुरुजी." गुरुजी हसायचे. मनाला काही लागत नव्हतं असं नाही, पण हसायचे.

लग्न राहून गेलं त्याला मोठं कारण नव्हतं. बाप लवकर गेला, मग बहिणीचं उरकलं, मग घर बांधलं. यंदा करू, पुढच्या साली करू, असं करता करता कानाजवळचे केस पिकले. आणि तोवर मायचं डोकं जायला लागलं होतं.

चंद्रभागाबाई म्हणजे एकेकाळी रोवण्याच्या, म्हणजे भातलावणीच्या, बायांच्या म्होरक्या. त्या भाताच्या बांधीत उतरल्या की बाकीच्यांना कंबर सरळ करायची सोय नसायची. आता त्यांना स्वतःच्या घरातली पाण्याची घागर सापडत नव्हती. नागपूरच्या डॉक्टरनं फोटो काढून सांगितलं की हे मेंदूचं आहे, वाढतच जाणार, औषधानं फक्त चाल मंदावेल. दिवसभर त्या घन्याला शोधायच्या. घन्या म्हणजे घनश्यामच. जेवणाच्या सुट्टीत तो येऊन समोर बसला, हातानं घास भरवला, तरी त्या त्यालाच सांगायच्या, "आमचा घन्या शाळेत गेला बापा." तो शाळेत शिकवायला जातो हे त्या विसरल्या होत्या. त्यांच्या लेखी तो शिकायलाच जात होता.

पण संध्याकाळी एक गोष्ट व्हायची. शाळा सुटली की घनश्याम घरी यायचा, दारातल्या बादलीतलं पाणी पायावर घ्यायचा आणि उंबऱ्यातून म्हणायचा, "माय, शाळा सुटली." बास, तेवढ्यानं काम व्हायचं. चंद्रभागाबाईंच्या डोळ्यांत कोणीतरी दिवा लावल्यासारखं व्हायचं. "आला का गा घन्या? भूक लागली असन." मग तिथून निजेपर्यंत त्या आपल्या पोराला ओळखत. दिवसातले तेवढे दोन-तीन तास त्याला माय मिळायची, आणि त्या तासांसाठी तो बाकीचा दिवस ओढत होता. ही गोष्ट त्यानं कोणाला सांगितली नाही. अशा गोष्टी सांगायच्या तरी कशा?

आता प्रितम आणि रक्षाचं ऐका. प्रितम वरठीकडच्या एका शाळेत मास्तर. पोरगा सरळ, बोलायला थोडा भित्रा. रक्षा सिहोऱ्याच्या बाबूलालची लेक, तीही शिक्षिका, पण तिची शाळा पार लाखांदूरच्या खाली, जिल्ह्याच्या दुसऱ्या टोकाला. सोयरीक घनश्यामनंच काढली. पोरं एकमेकांना पसंत पडली, मानपान ठरलं, आणि ऐन साक्षगंधाच्या, साखरपुड्याच्या दिवशी बाबूलाल अडून बसले. धानाच्या व्यापारातला माणूस, हिशोबाला पक्का. म्हणाले, "एक इकडच्या टोकाले न एक तिकडच्या टोकाले. हे संसार करतीन का येष्टीचे पास काढतीन?"

सगळा मांडव घनश्यामकडे बघायला लागला. आमच्याकडे मध्यस्थाचं हेच असतं. जेवणाच्या पंगतीत पहिला पाट त्याचा, आणि पुढं काही बिनसलं तर पहिली शिवीही त्याचीच. घनश्याम उठून म्हणाला, "मामाजी, नवरा-बायको दोघंही नोकरीत असले तर सरकार त्यायले जवळ आणते. तसा नियम आहे. बदल्या निघाल्या की हे दोघं एका जागी येतीन. जिम्मा माझा."

बाबूलालनं मान डोलावली. कुंकू लागलं, नारळ फुटला. शब्द गेला तो गेला.

पुढं बदल्या निघायला वेळ लागला. कधी निवडणूक आडवी आली, कधी कोणी कोर्टात गेलं. तेवढ्यात रक्षाला दिवस गेले आणि ते टिकले नाहीत. लाखांदूरकडून भंडाऱ्याला येणाऱ्या बसमध्येच तिला त्रास सुरू झाला होता, आणि प्रितम दवाखान्यात पोचला तेव्हा सगळं आटपलं होतं. त्यानंतर बाबूलालचा घनश्यामला फोन आला. ते रागावले नाहीत. एवढंच म्हणाले, "गुरुजी, तुमी जिम्मा घेतला होता." यापेक्षा त्यांनी चार शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं.

एकदाच्या बदल्या निघाल्या. आता यातला नियम समजून घ्या, कारण सगळं त्याच्यावरच फिरलं. जो कर्मचारी स्वतः मोठ्या आजाराचा आहे, किंवा ज्याच्या कुटुंबात तसा आजार आहे, त्याला पहिला मान. त्याला कोणी हलवत नाही. त्याच्या खालोखाल नवरा-बायको दूर असलेल्यांचा नंबर. त्यांनी तीस शाळांची नावं पसंतीनं भरायची, आणि त्यातल्या एखाद्या शाळेत बरीच वर्षं बसलेला कोणी साधा मास्तर असला, तर त्यानं उठायचं आणि जोडप्यातल्याला जागा द्यायची. याला मास्तर लोक 'खो' म्हणतात. अमक्यानं तमक्याला खो दिला. खेळातल्यासारखंच, फक्त खो बसलेल्यानं पळायचं ते घरदार सोडून.

घनश्याम या नियमांचा चालता-बोलता पंडित. अर्ध्या तालुक्याचे अर्ज त्याच्या ओसरीवर भरले जायचे. स्वतःचा अर्ज त्यानं पहिल्या वर्गात भरला, कुटुंबातला दुर्धर आजार म्हणून. मायचे कागद जोडले, डॉक्टरचा शिक्का जोडला. पहिल्या फेरीत तो मंजूरही दिसला. आता गुरुजींना कोणी धक्का लावू शकत नव्हतं.

म्हणून प्रितम आणि रक्षा अर्ज भरायला आले तेव्हा गुरुजी फार खुशीत होते. तिघं ओसरीवर बसले. वरठीच्या जवळपासच्या शाळा भरल्या, मोहाडीकडच्या भरल्या, आंधळगावकडच्या भरल्या, आणि एकोणतीसवर गाडं अडलं. उरलेल्या सगळ्या शाळा दूरच्या होत्या. तीस भरल्याशिवाय अर्ज पुढं सरकत नव्हता.

"माझी टाक," घनश्याम म्हणाला.

रक्षा दचकली. "तुमची कशी टाकू सर?"

"टाक व पोरी. मी पहिल्या वर्गात आहो, मले कोणी हलवत नाही. तुमची जागा वरच्या पाच-सातातच लागन. हे नुसतं भरतीचं." आणि ती हात मागं घेतेय हे बघून त्यानंच मोबाईल ओढला, आपल्या शाळेचं नाव शोधलं, तिसाव्या नंबरवर बसवलं आणि अर्ज पाठवून दिला. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच. आत चंद्रभागाबाई कोणाला तरी विचारत होत्या, घन्या अजून कसा आला नाही म्हणून.

पडताळणीत घनश्यामचा अर्ज कापला गेला. का, तर कुटुंब म्हणजे पती किंवा पत्नी आणि अपत्यं. बायको आजारी असली तर चालतं, लेकरू आजारी असलं तर चालतं. आई त्यात नव्हती. आता सांगा, ज्यानं शंभर लोकांना हे नियम वाचून दाखवले, त्याला ही ओळ दिसली नाही का? दिसली होती. पण कुटुंब म्हटल्यावर ते मायपासून सुरू होत नसेल, हे त्याच्या डोक्यातच शिरलं नाही. शाळेतल्या पोरांना 'माझे कुटुंब' हा धडा शिकवताना पहिलं चित्र आईचंच असायचं.

आणि रक्षाच्या वरच्या एकोणतीस शाळांतल्या एकाही जागेवर खो बसला नाही. कुठं विधवा बाई होती, कुठं अपंग मास्तर, कुठं आधीचंच कोणी जोडपं. सगळे आपापल्या जागी खरे. तिसाव्या नंबरवर फक्त एक साधा, बिनलग्नाचा, धडधाकट मास्तर बसला होता.

आदेश आला त्या दिवशी बाबूलाल सोनपापडीचा डबा घेऊन आले. त्यांना अर्धीच खबर होती. "गुरुजी, शब्द पाळला तुमी," असं म्हणून त्यांनी चारचौघांत घनश्यामला मानाचा दुपट्टा घातला. मागून प्रितम-रक्षा आले ते तोंड उतरवून. रक्षा उंबऱ्यातच रडायला लागली. "मी लिहून देते सर, मले ही जागा नको म्हणून." तिनं खरंच लिहून दिलंही. ऑफिसातल्या बाबूनं कागद परत केला. म्हणाला, संगणकानं दिलेली जागा परत घ्यायची सोय नाही, आणि तुम्ही नाकारली तरी गुरुजी आता तिथं राहत नाहीत.

घनश्यामची बदली रक्षाच्या रिकाम्या झालेल्या जागेवर झाली होती, लाखांदूरच्या खाली.

तो गप्प बसला असं नाही. त्यानं हरकत घेतली आणि भंडाऱ्याला सुनावणीला गेला. साहेब वाईट असता तर बरं झालं असतं, निदान चीड तरी काढता आली असती. साहेब भला माणूस होता. त्यानं सगळे कागद वाचले, मायचा रिपोर्टसुद्धा, आणि मग चष्मा काढून टेबलावर ठेवला.

"गुरुजी, कुटुंबाच्या व्याख्येत आई-वडील नाहीत. मी काय करू?"

"मंग मी कोणाच्या कुटुंबात बसतो साहेब?" घनश्याम म्हणाला. आवाज चढवून नव्हे, खरंच विचारलं त्यानं. "बायको नाही, लेकरू नाही. माय धरत नाही म्हणता. मंग माह्या घरी कोण राहते?"

 साहेबानं कागद पुन्हा चाळले. "या बाईंनी मुद्दाम तुमची शाळा निवडली, अशी तुमची तक्रार आहे का? तसं असेल तर काही बघता येईल."

आता बघा, दार किलकिलं झालं होतं. एक 'हो' म्हणायचा अवकाश. प्रितम बाहेर बाकावर बसला होता, आणि त्याला विचारलं असतं तर त्यानंही मान खाली घालून कबूल केलं असतं, एवढा तो पोरगा घनश्यामला मानत होता. पण रक्षाच्या नावावर लबाडी लागली असती, आणि ती परत लाखांदूरच्या बसमध्ये बसली असती. घनश्यामला बाबूलालचा फोन आठवला.

"नाही साहेब. ती नको म्हणत होती. शाळा मीच टाकली."

कोपऱ्यातला बाबू हसला. साहेब हसला नाही. त्यानं सही केली.

नागपूरच्या एका वकिलालाही त्यानं विचारून पाहिलं. वकिलानं प्रामाणिकपणे सांगितलं की बदली ही नोकरीची शर्तच आहे, कोर्ट त्यात सहसा हात घालत नाही. "गंमत अशी की नवरा-बायकोला एकत्र ठेवा, हाही काही त्यांचा हक्क नाही. सोय आहे नुसती," वकील म्हणाला. "पण त्यांची सोय कागदावर आहे. तुमची कागदावरच नाही. जे कागदावर नाही ते मी मांडू कसं?" घनश्यामनं त्याला नमस्कार केला आणि जिना उतरला. सत्यभामाबाईंनी ऐकलं तेव्हा म्हणाल्या, "आता तरी करा लगन, एखादी लाखांदूरची मास्तरीण पाहून." या वेळी त्याला हसू आलं नाही. त्यानं मनातल्या मनात दोन-तीन नावं आठवून पाहिली, आणि मग स्वतःचीच लाज वाटून गेली.

पहिल्यांदा तो मायला सोबतच घेऊन गेला. नव्या गावात खोली केली. शाळेत जाताना बाहेरून कडी घालायची, दुसरा इलाजच नव्हता. चंद्रभागाबाई आतून दार वाजवायच्या आणि गल्लीतले लोक मास्तरला नावं ठेवायचे. संध्याकाळी तो पायावर पाणी घेऊन उंबऱ्यातून "माय, शाळा सुटली" म्हणायचा, पण तो उंबरा तिचा नव्हता. ती त्याच्याकडे बघायची आणि हात जोडायची. "मले आमच्या घरी नेऊन द्या बापा. माह्या घन्याची शाळा सुटाची वेळ झाली." एक दिवस कडी नीट बसली नाही, आणि ती नदीच्या वाटेवर सापडली. ढोरं चारणाऱ्यांनी तिला धरून आणलं.

इकडं प्रितम आणि रक्षा भाड्याचं घर शोधत होते. रक्षाच फोनवर म्हणाली, "सर, आजीले वापस आणा. आमी तुमच्याच घरी राहतो. मी दुपारी सुट्टीत पाहत जाईन, बाकी सत्यभामाबाई आहेतच." घनश्यामनं नाही म्हणून पाहिलं. पण नाही म्हणून करणार काय होता?

मायला घरी आणून सोडलं त्या दिवशी ती अंगणात शिरली आणि रडायची थांबली. घागर कुठं आहे ते तिला तेव्हाही ठाऊक नव्हतं, पण भिंतीला हात लावत लावत ती आपल्या जागेवर जाऊन बसली. घनश्यामनं रक्षाला औषधं समजावली, ती काय खाते, काय थुंकते ते सांगितलं. मग प्रितमला बाजूला घेतलं.

"संध्याकाळी ती लय तगमग करते. रडते, दाराशी जाते. तू शाळेतून आला की पायावर पाणी घे न उंबऱ्यातून म्हण, माय, शाळा सुटली. मंग ती शांत होते."

"मी कसा म्हणू सर? ते तुमचं आहे."

"म्हण न गा. तिले तगमगताना पाहू नोको."

प्रितमनं मान हलवली. घनश्यामनं त्याला तिथंच एकदा म्हणून दाखवायला लावलं. पोरानं अडखळत म्हटलं, आणि घनश्यामनं मास्तराच्या सवयीनं त्याला दुरुस्त केलं. थोडं मोठ्यानं. आणि आधी बादलीचा आवाज येऊ दे.

पहिले काही शनिवार घनश्यामला येता आलं नाही. शाळेत दुसरा मास्तर नव्हता, मग परीक्षा, मग कसलंसं सर्वेक्षण. फोनवर रक्षा सांगायची, आजी बऱ्या आहेत, जेवतात, रात्री झोपतात. ती खूश होती. तिला पुन्हा दिवस गेले होते आणि या वेळी सगळं ठीक होतं. बाबूलाल लेकीला भेटायला यायचे तेव्हा चंद्रभागाबाईंसाठी लाखोळीची डाळ आणायचे. सगळ्यांचं बरं चाललं होतं.

मग एका शनिवारी सकाळची शाळा आटपून त्यानं बस धरली. भंडाऱ्याला बदलली, मोहाडीला बदलली, आणि आंधळगावाहून पुढच्या गाडीची वाट न बघता पायीच निघाला, कारण मायच्या त्या वेळेआधी, पाचच्या आत पोचायचं होतं. तलावाच्या पारीवरून उतरताना त्यानं चालायचं सोडून जवळजवळ पळायला सुरुवात केली. प्रितम शनिवारचा भंडाऱ्याला मीटिंगला गेला होता, अजून यायचा होता. अंगणात मोटरसायकल नव्हती.

चंद्रभागाबाई दाराशी बसल्या होत्या. तोंडावर जरा मांस आलं होतं, केस नीट विंचरलेले होते. घनश्यामनं पिशवी खाली ठेवली. बादलीतलं पाणी पायावर घेतलं, आवाज होईल असं. उंबऱ्यात उभा राहिला.

"माय, शाळा सुटली."

त्यांनी मान वर केली. त्याच्याकडे नीट, आपुलकीनं पाहिलं.

"तुमची सुटली असन बापा," त्या म्हणाल्या. "आमच्या घन्याची सुटाची आहे अजून. या, बसा."

तो बसला. रक्षा स्वयंपाकघराच्या दारात येऊन उभी राहिली. थोड्या वेळानं मोटरसायकल वाजली. प्रितमनं घनश्यामला पाहिलं आणि तो अंगणातच थबकला. घनश्यामनं त्याला हातानं खूण केली, की म्हण. प्रितमनं पाय धुतले. अगदी शिकवल्यासारखं, ना कमी ना जास्त, त्यानं उंबऱ्यातून म्हटलं.

"आला का गा घन्या?" चंद्रभागाबाई उठल्या आणि त्यांचा चेहरा तसाच झाला, जसा व्हायचा. "भूक लागली असन. आधी पावण्यायले चहा मांडाले सांग. केव्हाचे बसून राहिले."

चहा आला. घनश्याम तो बशीत ओतून हळूहळू प्यायला. रात्रीचा मुक्काम करायचा म्हणून त्यानं पिशवीत लुंगी आणली होती. चंद्रभागाबाई प्रितमच्या पाठीवरून हात फिरवत त्याच्याकडे बघत होत्या, आणि मग घरधनिणीला शोभेल अशा काळजीनं त्यांनी विचारलं, "पावणे राहतेत, का गाडी आहे आता?"

प्रितम काही बोलायला गेला. घनश्यामनं कप खाली ठेवला.

"आहे न माय, शेवटची आहे," तो म्हणाला, आणि पिशवी उचलून आंधळगावच्या रस्त्याला लागला.